गूळ चुन्यात चालतो, सिमेंटमध्ये नाही

"आपल्या पूर्वजांच्या विटा पाच हजार वर्षं टिकल्या, कारण ते गूळ आणि उडदाचं पाणी घालायचे. भाजलेली वीट इंग्रजांनी आणली. वीट भिजवू नका, तिचा कस जातो. सिमेंटच्या गोणीला एक किलो गूळ घाला, भिंत शंभर वर्षं हलणार नाही." हा मेसेज जळगाव-धुळ्याच्या ग्रुपांवर फिरत फिरत चोपड्याला माझ्या मावसभावापर्यंत पोचला. त्याचं घर जोत्याच्या वर आलंय, आणि त्याने मिस्तरीला गुळाची भेली आणून दिली. म्हणून हे लिहितोय.

आधी गूळच घेतो. बाकीच्या थापांनी नुसतं डोकं फिरतं, या थापेने घर पडतं.

सिमेंट वाळून घट्ट होत नाही, पाण्याशी संयोग होऊन होतं. गुळात मुख्यतः साखर असते, आणि साखर सिमेंटच्या कणांना चिकटून नेमका हाच संयोग अडवते. 50 किलोच्या गोणीत 25 ग्रॅम साखर गेली तरी माल (सिमेंट-वाळूचं कालवण) धरायला, म्हणजे घट्ट होऊ लागायला, साधारण चार तास उशीर होतो. 100 ग्रॅमच्या पुढे गेलात की माल घट्ट होणंच जवळजवळ थांबतं. आणि मेसेज सांगतो एक किलो! असा माल सांध्यात भरला तर दोन दिवसांनी खिळ्याने ओरखडा काढून बघा, वाळू भुसभुशीत गळते. स्लॅबमध्ये गेला तर गाठ जिवाशी आहे. वरून वाळलेला दिसतो, ठरल्या दिवशी सेंट्रिंग, म्हणजे खालचा फळ्या-टेकूंचा आधार, काढतात, आणि आत काँक्रीटने सळईला पकडलेलंच नसतं. आयएस 456 हे काँक्रीटचं भारतीय मानक उघडून बघा. कालवायच्या पाण्यात काय नसावं ते सांगताना तेल, आम्ल, क्षार यांच्या बरोबरीने साखरेचं नाव तिथे स्पष्ट लिहिलंय. गुऱ्हाळावरचं काकवीचं पिंप नीट न धुता बांधकामाच्या पाण्याला लावू नये, तेही याचसाठी.

आता अर्धं खरं आहे ते मान्य करतो. जुन्या वाड्यांच्या चुन्यात गूळ, बेलफळ, उडीद घालत. पण चुन्याची गोष्टच वेगळी. तो हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषत महिनोन्‌महिने घट्ट होत जातो. गुळाच्या पाण्यात चुना जास्त विरघळतो, माल चिकट होतो, थापीखाली चांगला बसतो. त्यासाठी चुनकळी, म्हणजे भाजलेल्या चुनखडीचे खडे, पाण्याने विझवून मुरत ठेवायची, वाळू आणि विटांची सुरखी (पूड) घालून बैल जुंपलेल्या घाण्यात मळायची. एवढा खटाटोप होता तो. जुना वाडा चुन्यात दुरुस्त करताय? मग गूळ जरूर घाला. पण एकाचं औषध दुसऱ्याला पाजू नका.

"भाजलेली वीट इंग्रजांनी आणली" हे तर मेसेजच्या पहिल्याच वाक्यात खोटं ठरतं. पाच हजार वर्षांपूर्वीच्या विटा मग कुणी भाजल्या? हडप्पाकालीन विटेची जाडी, रुंदी आणि लांबी 1:2:4 या प्रमाणात असते. उदाहरणार्थ 7, 14 आणि 28 सेंटिमीटर. रुंदी जाडीच्या दुप्पट आणि लांबी रुंदीच्या दुप्पट असल्यामुळे उभी-आडवी कशीही लावा, सांधमोड, म्हणजे वरचा सांधा खालच्या सांध्यावर न येणं, जमते. इंग्रजांनी उलट काय केलं, तर लाहोर-मुलतान रेल्वे टाकताना हडप्पाच्याच विटा उपसून रुळांखाली भरल्या. भारतीय पुरातत्त्व खात्याचा पहिला प्रमुख कनिंगहॅम याने ते नोंदवून ठेवलंय. आपल्याकडे नगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यात दायमाबादला त्याच प्रमाणाच्या कच्च्या विटा मिळाल्या. धाराशिव जिल्ह्यातल्या तेरचं त्रिविक्रम मंदिर विटांचंच आहे आणि इंग्रजांच्या कित्येक शतकं आधीचं आहे. राहिला गूळ. मोहेंजोदडोमध्ये बहुतेक विटा मातीच्या गाऱ्यातच लावल्या होत्या. तिथल्या महास्नानगृहाला जिप्समचा गारा आणि डांबराचा थर होता. त्या विटा टिकल्या त्या भाजणीने.

वीट न भिजवण्याचा सल्ला खान्देशात तर फारच घातक. एप्रिल-मे महिन्यात उन्हात तापलेली कोरडी वीट मालातलं पाणी घटकाभरात ओढून घेते, सिमेंट उपाशी राहतं आणि वीट हाताने उचलून येते. मातीची भाजकी वीट हौदात बुडवा, बुडबुडे थांबेपर्यंत ठेवा, बाहेर काढून वरचं पाणी निथळू द्या, मग लावा. राखेच्या विटेला मात्र नुसता शिपका पुरतो. भिजवून कस जात असेल तर ती वीट मुळात कच्ची आहे. कोरडी वीट तोला, 24 तास पाण्यात ठेवून पुन्हा तोला. तीन किलोची वीट तीन किलो सहाशेच्या वर गेली तर गाडी परत पाठवा.

ज्यांनी गूळ घालून बांधलंच असेल त्यांनी वर आणखी सिमेंटचा हात मारून झाकू नये. तेवढे थर उतरवा, विटा तारेच्या ब्रशने घासून धुवा, त्या पुन्हा चालतात. माल मात्र टाकून द्या, नव्या घमेल्यात मिसळू नका. आणि तो माल स्लॅबमध्ये गेला असेल तर इंजिनिअरने बघेपर्यंत सेंट्रिंगच्या एकाही टेकूला हात लावू नका.