मोफत गेम पदरात पाडून घेऊ इच्छिणाऱ्यांसाठी मार्गदर्शन

गेल्या पंधरवड्यात एका परदेशी गेम-प्रकाशकाने आपल्या आगामी गेमची हवा करण्यासाठी त्याच मालिकेतील आधीचा भाग मोफत वाटण्याचे जाहीर केले, आणि अमळनेरात घरबसल्या त्या दानधर्माचा लाभ घेण्याचा योग मला आला. प्रकाशकाचे नाव येथे देत नाही, कारण त्या प्रसिद्धीचाही मोबदला तो देणार नाही. मात्र त्या संध्याकाळी जे ज्ञान प्राप्त झाले ते एकट्याजवळ दडवून ठेवणे खान्देशी स्वभावात बसत नाही. धुळे, जळगाव आणि नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांत सुट्टीमुळे मोकळी झालेली मुले पुष्कळ आहेत आणि ‘तेवढा गेम घेऊन ठेवा ना’ ही त्यांची आज्ञा झेलणारे काका-मामाही पुष्कळ आहेत. त्यांच्या उपयोगासाठी पुढील सूचना लिहीत आहे.

सर्वप्रथम, देणाऱ्याच्या हेतूविषयी मनात किंतु आणू नये. एपिक गेम्स स्टोअर हे गेमचे ऑनलाइन दुकान डिसेंबर 2018 मध्ये सुरू झाले तेव्हापासून तेथे मोफत गेमची वाटणी चालू आहे. पहिला मान ‘सबनॉटिका’ला मिळाला; सुरुवातीला दर पंधरा दिवसांनी होणारी ही वाटणी 2019 पासून दर गुरुवारी होऊ लागली. काही संशयी माणसे अ‍ॅपलविरुद्धच्या एपिकच्या खटल्यात 2021 साली उघड झालेली कागदपत्रे पुढे करतात. त्यांनुसार पहिल्या सुमारे नऊ महिन्यांच्या मोफत गेमसाठी एपिकने 1 कोटी 16 लाख डॉलरच्या आसपास रक्कम मोजली आणि त्या बदल्यात जवळपास 50 लाख नवी खाती मिळवली, म्हणजे एका खात्यामागे अडीच डॉलरही पडले नाहीत. आपण या हिशेबात शिरू नये. आपली किंमत अडीच डॉलरांच्या आत आहे हे कळले की अर्ज भरण्याचा उत्साह मावळतो. (तेथे गुरुवारी गेम खरोखर हातात पडतो, एवढे मात्र प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. मी ज्याच्याविषयी लिहीत आहे त्या प्रकाशकाबद्दल तेवढेही सांगता येत नाही.)

वेळेची चिंता करू नये. जाहिरातीत ‘सकाळी दहा, पीटी’ असे लिहिलेले असते. ही सकाळ अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरची असते आणि त्या वेळी आपल्याकडे रात्रीचे साडेदहा वाजलेले असतात. नोव्हेंबर लागला की तेथील घड्याळे मागे सरकतात आणि आपले साडेदहा साडेअकरा होतात. हे गणित जाहिरातीत कोठेही दिलेले नसते, कारण जगातील सर्व माणसे कॅलिफोर्नियातच राहतात हे सर्वांना ठाऊकच आहे.

पासवर्ड लक्षात ठेवण्याचे कष्ट घेऊ नयेत, ‘पासवर्ड विसरलात?’ यालाच घराचा मुख्य दरवाजा समजावे.

आपण यंत्रमानव नाही हे सिद्ध करण्यासाठी नऊ चौकटींतून रस्त्याकडेचे अग्निशमनाचे नळ शोधायला सांगितले जाईल. असा नळ मी खान्देशातल्या कोणत्याही रस्त्यावर आजवर पाहिलेला नाही, परंतु माणूस असल्याचा पुरावा म्हणून त्याची ओळख असणे आवश्यक आहे.

गेम मिळाला म्हणजे तो खेळता येतो, हा गैरसमजही वेळीच दूर केलेला बरा. बऱ्याच मोठ्या प्रकाशकांचा स्वतःचा लाँचर (गेम उघडून देणारे सॉफ्टवेअर) असतो आणि तो संगणक सुरू होताच आपल्याआधी जागा होतो. मे 2020 मध्ये एपिकवर ‘जीटीए फाइव्ह’ मोफत मिळाला तेव्हा उसळलेल्या गर्दीने ते संकेतस्थळ काही तास कोलमडले होते; ज्यांच्या पदरी तो पडला त्यांना एपिकच्या लाँचरमधून त्या गेमच्या निर्मात्या रॉकस्टारचा लाँचर उघडून मग खेळाकडे जावे लागले. आजकालच्या मोठ्या गेमचा आकार 90 जीबी असणे यात नवल राहिलेले नाही. रोज दोन जीबी मिळणाऱ्या मोबाइलच्या पॅकवर तो उतरवून घ्यायला दीड महिना लागतो, तोही घरातल्या इतर कोणी व्हॉट्सअ‍ॅपवर सुप्रभात स्वीकारली नाही तर. मे महिन्यात पारा 44 अंशांवर असताना आणि दुपारची वीज गेलेली असताना 63 टक्क्यांवर थांबलेली ती निळी पट्टी पाहत बसण्याने मनाला स्थैर्य येते असे म्हणतात.

आता मुख्य विधीकडे, म्हणजे अर्जाकडे वळू. पहिल्याच पानावर आपला देश विचारला जातो. यादी इंग्रजी वर्णक्रमाने असते, त्यामुळे हंगेरी आणि आइसलँड ओलांडून भारतावर यावे, तो निवडावा आणि पुढे जावे. दुसऱ्या पानावर जन्मतारखेचे चाक असते. ते चालू वर्षापासून सुरू होत असल्याने माझ्या वयाच्या माणसाला बोट बरेच फिरवावे लागते आणि त्या अवधीत आयुष्याचा आढावाही घेऊन होतो. तिसऱ्या पानावर घरचा पूर्ण पत्ता मागतात. संगणकावर उतरवण्याच्या वस्तूसाठी घरचा पत्ता कशाला, असा प्रश्न मनात आल्यास तो येऊ द्यावा आणि जाऊ द्यावा. पिन कोडचे सहाही आकडे लिहिले की चौकट लाल होऊन ‘अवैध’ असे म्हणते. शेवटचा आकडा खोडला की तोच पत्ता वैध होतो. त्यानंतर मोबाइल क्रमांक. ओटीपीची मुदत संपते आणि मग ओटीपी येतो. दुसरा मागवावा, म्हणजे पहिला पुन्हा येतो. मग ईमेलची खातरजमा, जी स्पॅममध्ये जाऊन पडलेली असते. मग स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानातले खाते जोडा, डिस्कॉर्ड या गप्पांच्या व्यासपीठावरच्या त्यांच्या मंडळात सामील व्हा, आगामी गेम विशलिस्टमध्ये, म्हणजे पुढे घ्यायच्या यादीत, टाका, वार्तापत्राला संमती द्या. ही शेवटची संमती ‘ऐच्छिक’ असते, परंतु ती खूण काढली की पुढे जाण्याचे बटण करडे पडते. आणि अखेरीस एक छोटेसे सर्वेक्षण: घरात किती माणसे, किती संगणक, वर्षाकाठी गेमवर खर्च किती, तो कोणाच्या पैशातून. इतके झाल्यावर एक हिरवेगार बटण उगवते. ते दाबावे. त्यावर उत्तर येते की हा प्रस्ताव आपल्या प्रदेशात उपलब्ध नाही आणि आपण दाखवलेल्या उत्साहाबद्दल कंपनी आभारी आहे.

येथे साधकाने चित्त शांत ठेवावे, असे मी लिहिणार होतो. परंतु शांत का ठेवावे? देश पहिल्याच पानावर विचारला होता. पहिल्याच! ‘भारत’ हा शब्द त्यांच्या यंत्राने वाचला, साठवला, फोनच्या चौकटीत आपण होऊन 91 हा आकडा भरून दाखवला, आणि तरीही त्याच यंत्राने पुढची सगळी पाने उलगडली, पत्ता घेतला, क्रमांक घेतला, घरातल्या माणसांची गणती घेतली. नकार त्यांना पहिल्या पानावरच ठाऊक होता. रावेरच्या बाजारात एखाद्या व्यापाऱ्याने शेतकऱ्याचा सातबारा पाहावा, बँकेचे पासबुक पाहावे, केळीची गाडी काट्यावर चढवावी, उतरवावी आणि मग सांगावे की तुमच्या तालुक्याचा माल आम्ही घेत नाही, तर त्या व्यापाऱ्याला संध्याकाळी घरी जाण्यासाठी पोलिसांची सोबत घ्यावी लागेल. येथे मात्र तोच व्यवहार करून आभार मानले जातात. आणि ‘प्रदेश’ म्हणजे कोणता हो? 1945 साली ज्या अमळनेरात वनस्पती तुपाच्या कारखान्यातून विप्रो उभी राहिली आणि पुढे जगभरच्या कंपन्यांना सॉफ्टवेअर पुरवू लागली, ते अमळनेर की काय? आमच्या प्रदेशात गेम उपलब्ध नाही, परंतु आमच्या प्रदेशातले क्रमांक, पत्ते आणि जन्मतारखा तुम्हांला अगदी विनासायास उपलब्ध आहेत.

असो. सूचना चालू होत्या.

घरातल्या मुलाने ‘काका, भेटना का गेम?’ असे विचारल्यास ‘सर्व्हर बिझी शे’ एवढेच उत्तर द्यावे. प्रादेशिक परवान्यांची गुंतागुंत त्याला समजावत बसू नये.

मदत-कक्षाकडे तक्रार अवश्य करावी. आपला प्रश्न त्यांच्यासाठी महत्त्वाचा असल्याचे पत्र तत्काळ येते आणि त्यानंतर दुसरे काहीच येत नाही.

समजा, आपला प्रदेश त्यांना चालला आणि गेम आपल्या संग्रहात दिसू लागला, तर तो आपला झाला असे मानून निश्चिंत व्हावे. या बाबतीत ‘द क्रू’ या मोटारींच्या गेमचे उदाहरण आल्हाददायक आहे. 2014 साली आलेला हा गेम त्याची प्रकाशक कंपनी युबिसॉफ्टने आपल्या तिसाव्या वर्धापनदिनानिमित्त सप्टेंबर 2016 मध्ये संगणकावर मोफत वाटला. 31 मार्च 2024 रोजी त्याचे सर्व्हर कायमचे बंद झाले आणि एकट्याने खेळतानाही तो सर्व्हरवर अवलंबून असल्याने संपूर्ण गेमच निकामी झाला. पाठोपाठ अनेकांच्या खात्यांतून त्याचा परवानाही काढून घेण्यात आला. ज्यांनी तो फुकट घेतला होता त्यांचे वाटोळे झाले नाही, हे खरे. परंतु ज्यांनी दुकानात पूर्ण किंमत मोजून डबा घरी आणला होता, त्यांच्याही हाती शेवटी तेवढेच उरले. समता म्हणतात ती हीच. त्यातूनच ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही चळवळ उभी राहिली आणि जुलै 2025 मध्ये युरोपातील तिच्या नागरिक-याचिकेने दहा लाख सह्यांचा टप्पा ओलांडला. कॅलिफोर्नियाने तर 1 जानेवारी 2025 पासून कायदाच लागू केला की आपण वस्तू विकत नसून वापराचा परवाना देत आहोत हे डिजिटल विक्रेत्याने स्पष्ट सांगितले पाहिजे. आपल्याकडे अशी घाई कोणाला नाही. अमळनेरात 1916 पासून तत्त्वज्ञान मंदिर ही तत्त्वज्ञानाच्या अभ्यासाची संस्था आहे. जे यादीत दिसते पण उघडत नाही ते ‘असणे’ म्हणावे की ‘नसणे’, याचा निकाल तेथील ग्रंथालयात बसून लावता येईल.

फुकट देण्याची सरळ रीतही अस्तित्वात आहे, म्हणून हा संताप अधिक आहे. स्टीमवर एखादा गेम ठरावीक मुदतीत कायमचा मोफत असतो तेव्हा एक बटण दाबले की तो खात्यात जमा होतो. कोणी घरातली माणसे मोजत नाही. जीओजी या दुसऱ्या ऑनलाइन दुकानात मिळालेल्या गेमची स्थापनेची फाइल उतरवून स्वतःजवळ ठेवता येते आणि नंतर ती चालवायला त्या कंपनीची परवानगी लागत नाही. एप्रिल 2019 मध्ये पॅरिसच्या नोत्र-दाम चर्चला आग लागली, तेव्हा त्या चर्चचे तपशीलवार चित्रण असलेला ‘असॅसिन्स क्रीड युनिटी’ युबिसॉफ्टने आठवडाभर सर्वांना खुला केला होता; हवा त्याने घ्यावा, असा तो मामला होता. म्हणजे हे जमते. न जमण्यासारखे त्यात काही नाही.

तेव्हा उपरोध पुरे झाला. आता त्या प्रकाशकाला सरळ भाषेत सांगतो. तुम्हांला गेम द्यायचा नव्हता, तर देऊ नका. आमच्यापैकी कोणी तुमच्या दारात मागायला आले नव्हते. जाहिरात तुम्हीच आमच्या फोनवर पाठवली होती, तीही मराठीत. भारतात तुमचे हक्क दुसऱ्या कोणाकडे असतील, करार आडवा येत असेल, तर ते पहिल्या पानावर दोन ओळींत लिहिता येते आणि ते लिहायला खर्च येत नाही. तुम्ही ते लिहिले नाही, कारण लिहिले असते तर अर्ज कोणी भरला नसता. याला विसरणे म्हणत नाहीत, याला फसवणूक म्हणतात. आपल्या संसदेने 2023 साली डिजिटल वैयक्तिक माहितीच्या संरक्षणाचा कायदा केला, त्यात स्पष्ट म्हटले आहे की संमती ही ठरलेल्या कामाला आवश्यक तेवढ्याच माहितीपुरती असते. जे काम तुम्ही करणारच नव्हता त्यासाठी माझ्या घराचा पत्ता कसा काय आवश्यक होता? त्याच कायद्याला 18 वर्षांखालील मुलांच्या माहितीसाठी पालकांची पडताळता येईल अशी संमती हवी आहे. तुमच्या पानावर बारा वर्षांचा मुलगा चाक 1990 पर्यंत फिरवतो आणि तुमचे समाधान होते. अशी किती मुले आपल्या आईचा क्रमांक आणि घराचा पत्ता तुमच्याकडे लिहून बसली असतील, याचा विचार करण्याची तुम्हांला गरज वाटत नाही, कारण तुमच्या लेखी तो भरलेल्या अर्जांचा आकडा आहे.

माझी माहिती खोडून टाका. ती खोडण्यासाठी मी पुन्हा लॉग इन करावे, पुन्हा ओटीपी मागवावा आणि कारण काय म्हणून यादीतून निवडावे, अशी अट घालू नका. घेताना तुम्ही कारण सांगितले नव्हते. आणि ते वार्तापत्र बंद करा. कालही आले होते, त्यात नव्या मोफत गेमची घोषणा होती आणि खाली बारीक अक्षरांत ‘काही प्रदेश वगळून’ असे होते. निदान आता तरी त्या वगळलेल्या प्रदेशांची नावे लिहायला शिका, आणि ती वर लिहा, ठळक लिहा.