बेसी गेल्यावरही

मागच्या आठवड्यात एका मित्राशी कडाक्याचा वाद झाला. त्याचं म्हणणं, अमेरिकन जाझ पियानोवादक आणि बँडप्रमुख काउंट बेसी १९८४ साली गेले, मग आज त्यांच्या नावाने वाजतो तो ऑर्केस्ट्रा म्हणजे नुसती पाटी. त्यापेक्षा जुन्या रेकॉर्ड ऐकाव्यात. मला हे अजिबात पटलं नाही. तेव्हा रागाच्या भरात नीट मांडता आलं नाही, म्हणून इथे लिहितेय.

१९३५ मध्ये कॅन्सस सिटीत उभा राहिलेला हा बँड. ट्रम्पेट, ट्रॉम्बोन, सॅक्सोफोन यांच्या रांगा, आणि त्यांना धरून ठेवणारे चौघं: पियानो, बास, ड्रम्स, गिटार. गिटारवर फ्रेडी ग्रीन. १९३७ मध्ये आले, आणि मधला थोडा काळ सोडला तर १९८७ मध्ये वारले तोवर इथेच वाजवत राहिले. सोलो जवळपास नाहीच. प्रत्येक मात्रेवर एक ठोका, बस्स. एवढ्या पितळी गजरात ती गिटार वेगळी ऐकूसुद्धा येत नाही. पण तानपुरा थांबला की गाणं कसं उघडं पडतं? अगदी तसं.

स्विंग, म्हणजे या संगीताची ती झुलती लय, कागदावर उतरत नाही हो. अर्ध्या-अर्ध्या मात्रेचे दोन स्वर सारखे लिहिलेले असतात. वाजवताना पहिला रेंगाळतो, दुसरा उशिरा येतो. किती उशिरा? ते लयीवर, आणि शेजारी कोण बसलाय त्यावर. १९५७ मध्ये बँडसाठी रचना करणाऱ्या नील हेफ्टींनी 'लिल् डार्लिन' ही धून बरीच जलद लयीची म्हणून आणली होती. बेसींनी ती इतकी संथ केली की दोन ठोक्यांमधली जागा भरायला जिगर लागते. सगळ्यांनी मिळून एकाच मापाने रेंगाळायचं! हे तालमीतच कळतं, कानाने.

म्हणून मला बँडमधल्या वादकांच्या खुर्च्या महत्त्वाच्या वाटतात. बेसींनंतर बँड सांभाळला थॅड जोन्स यांनी, मग फ्रँक फॉस्टर यांनी, दोघंही बेसींच्या हाताखाली वाजवलेले. आजचे प्रमुख स्कॉटी बार्नहार्ट १९९३ मध्ये, फॉस्टर असताना आले. बेसींसोबत वाजवलेल्यांच्या शेजारी बसून शिकले. याला आपण घराणं म्हणतो ना?

असा बँड पोसणं सोपं नाही. पैशांपायी १९५० मध्ये खुद्द बेसींनाही तो मोडावा लागला होता, दोन वर्षांनी पुन्हा जमवला.

आपल्या मुंबईत ताज हॉटेलमध्ये हेच स्विंग घुमायचं. गोव्याचे वादक ते शिकले, सिनेमात घेऊन आले. सी. रामचंद्रांच्या गाण्यांत चिक चॉकलेटचं ट्रम्पेट ऐका. ती गाणी आजही आहेत, पण हॉटेलांतले ते मोठे बँड राहिले नाहीत. त्या खुर्च्यांवर पुढे कुणी बसलंच नाही, याचं मला खरंच वाईट वाटतं.

काल मित्राला दोन गोष्टी पाठवल्या: १९५७ चं ते रेकॉर्डिंग, आणि याच ऑर्केस्ट्राचा २०२३ चा अल्बम, ज्याला पुढच्या वर्षी ग्रॅमी मिळालं. डोळे मिटून ऐक म्हटलंय. त्याच्या फोनची वाट बघतेय.