शब्द दिसले नाहीत, ढोलकी गायब झाली: तुमच्या दोन स्टारना आमचं उत्तर

नमस्कार ताई,

रविवार कारंजावरच्या आमच्या दुकानातून तुम्ही रायटर (डिस्कवर लिहिणारं यंत्र) आणि २५ कोऱ्या सीडी नेल्या. आम्ही दिलेल्या छापील कागदाप्रमाणे कराओके सीडी बनवली, म्हणजे मागे संगीत आणि टीव्हीवर गाण्याचे शब्द, पण सोसायटीच्या कोजागरीला टीव्हीवर शब्दच आले नाहीत, नुसतं गाणं वाजलं. मग डीव्हीडी केली, तर तिच्यात शब्द मागे मागे पडत गेले, गाणाऱ्यांना वर ओढून गावं लागलं आणि मूळ गायिकेचा आवाज काढताना ढोलकीही गेली. ‘पैसे पाण्यात’ असं तुम्ही लिहिलंत. पहिली चूक सरळ आमची आहे, बाकीच्यांचं तसं नाही.

कागदावर दिलेली पद्धत सीडी प्लस जीची, म्हणजे गाण्यासोबत अक्षरं दाखवणाऱ्या सीडीची होती. तिच्यात शब्द गाण्याच्या आवाजात नसतात, सीडीच्या सबकोड नावाच्या बाजूच्या पट्ट्यात असतात. घरातले बहुतेक डीव्हीडी प्लेअर हा पट्टा वाचतच नाहीत. त्यातून विंडोजच्या साध्या ‘ऑडिओ सीडी’ पर्यायानं बर्न केली तर तो पट्टा सीडीवर लिहिलाच जात नाही, त्यासाठी बर्निंग सॉफ्टवेअरमधला रॉ डाओ ९६ मोड लागतो, तो पट्टाही लिहितो. बिल करताना ‘प्लेअर कुठला?’ एवढं विचारायला हवं होतं, ते राहिलं. कागद बदलतो आहोत.

तुमच्या प्लेअरवर व्हीसीडीचा (व्हिडिओ सीडीचा) शिक्का असेल तर व्हीसीडी बनवा, सॉफ्टवेअरमध्ये या सेटिंग ठेवून: एमपेग-१, ३५२×२८८, २५ फ्रेम, व्हिडिओ ११५० केबीपीएस, आवाज ४४.१ किलोहर्ट्झ आणि २२४ केबीपीएस. ८० मिनिटांच्या सीडीवर जवळजवळ ८० मिनिटं बसतात. अक्षरं जराशी भुरकट दिसतील, तेवढं चालवून घ्यावं लागतं.

आता डीव्हीडी. शब्द पहिल्यापासून सारखेच उशिरा असते तर सगळ्या शब्दांच्या वेळा थोड्या अलीकडे सरकवून भागलं असतं. तुमच्याकडे फरक वाढत गेला आणि पट्टीही चढली, म्हणजे आवाजाचा रेट, सेकंदाला आवाजाचे किती नमुने हा आकडा, चुकला. डीव्हीडीला ४८ किलोहर्ट्झ लागतो, तुमचं गाणं ४४.१ चं. ऑडॅसिटी या आवाज एडिट करण्याच्या सॉफ्टवेअरमध्ये ट्रॅकच्या नावाशेजारच्या मेनूतून नुसता रेट ४८००० केला की तेच नमुने भराभर वाजतात. चार मिनिटांचं गाणं साडेएकोणीस सेकंद आधी संपतं आणि पेटीच्या पांढरी एकचं गाणं काळी एक अन् पांढरी दोनच्या मधे कुठंतरी लोंबकळतं. कोण गाणार ते? वरच्या ‘ट्रॅक्स’ मेनूतलं ‘रीसॅम्पल’ वापरा, लांबी आणि पट्टी दोन्ही जागेवर राहतात.

ढोलकीचा दोष मात्र सॉफ्टवेअरवर टाकू नका. गाण्यातून गायिकेचा आवाज काढून टाकण्याची जुनी युक्ती म्हणजे डाव्या चॅनलमधून उजवा वजा करणं. गायिका मधोमध असते म्हणून जाते, पण बेस आणि ढोलकीही बहुधा मधोमधच असतात. साधारण १२० हर्ट्झखालचं राखून ठेवलं तर धुमाची, म्हणजे ढोलकीच्या खर्जाच्या बाजूची, घुमक परत येते, शाईवरची थाप येत नाही, कारण तिची कंपनं गळ्याच्याच टप्प्यात आहेत. जुनी मोनो रेकॉर्डिंग असतील तर प्रयत्नच करू नका, दोन्ही चॅनल एकच, वजाबाकी शून्य. एआयवर चालणारी, गळा आणि वाद्यं (स्टेम) वेगळी करणारी सॉफ्टवेअर मोनोवरही चालतात आणि ढोलकी बरीच वाचवतात, फक्त साध्या लॅपटॉपवर एका गाण्याला बराच वेळ खातात.

एक गोष्ट तुम्ही लिहिली नाहीत, पण तुमच्या फोटोत दिसते: ‘दिवस’चं ‘दविस’ झालंय. शब्दांवर रंग पुढे सरकण्याची खूण ‘द’ आणि वेलांटीच्या मधे पडली की असं होतं. खुणा पूर्ण अक्षरांवर टाका, दि, व, स. तरीही फुटलं तर ते सॉफ्टवेअर देवनागरी जोडत नाही असं समजा आणि ओळीचं चित्र करून लावा.

न उघडलेल्या सीडी परत घेऊ. वाया गेलेल्यांच्या बदल्यात कोऱ्या डीव्हीडी देऊ आणि एक डिस्क तुमच्यासमोर मोफत बनवू. येताना प्लेअरच्या मागच्या स्टिकरचा फोटो आणि मूळ गाण्याची फाइल आणा, ढोलकी गेलेली नको.