नऊ मिनिटांत कसला दम लागतो म्हणणाऱ्यांनो

परवापासून आमच्या तीन ग्रुपवर एकच मेसेज फिरतोय. "बॉक्सिंग म्हणजे तीन राउंड, नऊ मिनिटं, हाताला गादी, डोक्याला हेल्मेट. हरले की रडतात. शेतकरी दिवसभर राबतो, तो रडतो का?" वाचून डोकंच सटकलं.

आधी ते नऊ मिनिटांचं. कॉलेजात वर्षभर ग्लोव्हज घातलेत म्हणून सांगतो, पहिल्या स्पारिंगला (म्हणजे सरावाच्या लढतीला) दीड मिनिटातच हात हनुवटीशी ठेवणं जड गेलं, आणि ठोसे खाऊन नाही तर मारून, कारण हुकलेला ठोसा लागलेल्यापेक्षा जास्त दमवतो, त्यात भीतीने श्वास कधी धरून ठेवला ते कळतच नाही. शिवाय मॅच नऊ मिनिटांची नसतेच, ती वजनकाट्यावर सुरू होते. पॅरिस 2024 ला आपली बॉक्सर निखत झरीन 50 किलोत खेळली, वजनासाठी दोन दिवस खाणंपिणं बंद होतं असं ती स्वतः म्हणाली. समोर कोण, तर चीनची वू यू, जिने पुढे सुवर्णच नेलं. निखत हरली आणि रडली. मग काय हसायला पाहिजे होतं?

हाताची गादी? ती मारणाऱ्याची बोटं वाचवते हो, समोरच्याचा मेंदू नाही. कवटीत मेंदू हलायचा तो हलतोच. 1982 मध्ये कोरियाचा किम दुक-कू 14 व्या राउंडला पडला आणि चार दिवसांनी गेला, ग्लोव्हज दोघांच्याही हातात होते. त्यानंतरच प्रोफेशनलमध्ये वर्ल्ड टायटलच्या मॅचचे 15 राउंडचे हळूहळू 12 झाले.

हेल्मेट म्हणजे हेडगार्ड, आणि तो पुरुषांना रिओ 2016 पासून ऑलिम्पिकमध्ये नाहीच! मेसेज लिहिणाऱ्याने शेवटची मॅच कधी बघितली देव जाणे. हेडगार्डने कातडी फाटायची वाचते, बाकी आतल्या धक्क्याला तो फार काही करत नाही. तो नसला की काय होतं ते टोकियोला दिसलं. आपला बॉक्सर सतीश कुमार क्वार्टर फायनलला उतरला तेव्हा आधीच्या मॅचचे 13 टाके तोंडावर होते, समोर उझबेकिस्तानचा जलोलोव्ह, वर्ल्ड चॅम्पियन. 5-0 ने हरला, पण तिन्ही राउंड उभा होता.

आणि शेतकऱ्याला मध्ये ओढलंच आहे तर ऐका, हा सतीश बुलंदशहरकडच्या शेतकऱ्याचाच मुलगा.