कोळसा ब्लॉक रद्द झाले म्हणून भरपाई? थांबा जरा

अहो ते फॉरवर्ड परत फिरतंय, "२०१४ ला कोर्टाने कोळसा खाणी रद्द केल्या, सरकारने कंपन्यांना बुडालेल्या नफ्यासकट भरपाई दिली, जनतेचा पैसा गेला". असं काही नाहीये. सुप्रीम कोर्टाने २४ सप्टेंबर २०१४ ला कंपन्यांना दिलेल्या कोळसा खाणींची (ब्लॉक) २१८ पैकी २१४ वाटपं रद्द केली, आणि ज्यांनी कोळसा काढलेला त्यांनाच उलट टनामागे २९५ रुपये भरायला लावले.

मग जिची खाण गेली त्या जुन्या कंपनीला काहीच नाही का? तर २०१५ च्या कोळसा खाणी (विशेष तरतुदी) कायद्यात कलम १६ आहे, जमिनीचे पैसे खरेदीखतातल्या किमतीने अधिक १२ टक्के सरळव्याज, आणि खाणीतलं बांधकाम, रस्ते वगैरेचे ऑडिट झालेल्या ताळेबंदातल्या घसारा वजा किमतीने. ते पैसे लिलावात खाण घेणारा भरतो, बुडालेला नफा त्यात कुठेच धरलेला नाही. आधी तो २९५ वाला दंड भरा, मग भरपाईचं बोला. रकमेवरून वाद असेल तर १९५७ च्या कोळसा क्षेत्र कायद्याखालच्या ट्रिब्युनलकडे जायचं, लोक उगाच आर्बिट्रेशन (लवाद) आर्बिट्रेशन करतात 😅