मुलांच्या चिंतेवर शॉर्टफिल्म करताय? मग तो अंधारा पॅसेज आधी काढून टाका

या विषयावरच्या प्रायोगिक फिल्ममध्ये अंधारा पॅसेज, भिंतीवरच्या सावल्या आणि कर्कश व्हायोलिन ठरलेलं असतं. मला हे साफ चुकीचं वाटतं. ती झाली भीती, तिला समोर काहीतरी लागतं. चिंता भर दुपारी, लख्ख उजेडात "असं झालं तर?" म्हणत पोखरते. मूल काळजी वाटते असं सांगतही नाही. पोट दुखतं म्हणतं, चिडतं, तोच प्रश्न दहादा विचारतं.

म्हणून फिल्मचा सांगाडाच त्या चक्रावर उभा करा: शंका, तपासणी, क्षणभर सुटका, पुन्हा शंका. समजा, मुलगी दप्तराची चेन उघडून वही आहे ना ते बघते. हा शॉट ३ वेळा, दरवेळी तेवढ्याच लांबीचा. बदलायचा तो फक्त चेन लावल्यानंतरचा विसावा: आधी ४ सेकंद, मग २, मग जेमतेम १२ फ्रेम, म्हणजे सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर अर्धा सेकंद. बहुतेक जण तपासणीच भराभर कापतात. मग नुसती घाई दिसते.

सहा-सात वर्षांच्या मुलाचे डोळे साधारण ११० सेंटिमीटरवर असतात. ट्रायपॉड तिथे, कॅमेरा सरळ. वाइड लेन्स वर रोखलीत की घरची माणसं उगाच खलनायक होतात.

खरं काम आवाजाचं आहे. दाराआडचं मोठ्यांचं बोलणं ५०० हर्ट्झच्या वर कापा, म्हणजे त्यातला वरच्या पट्टीचा आवाज काढून टाका. सूर कळतो, शब्द कळत नाहीत. त्यात मुलीचं नाव तेवढं स्वच्छ ठेवा. अस्वस्थ वाटावं म्हणून खाली लावतात ती ५० हर्ट्झची घुमघुम मोबाइलच्या स्पीकरवर ऐकूच येत नाही, आणि फिल्म बघितली जाणार मोबाइलवरच. तिच्यात थोडा २०० ते ४०० हर्ट्झचा थर मिसळा. फ्लिकर, म्हणजे प्रकाशाची उघडझाप, वापरायचाच असेल तर सेकंदाला ३ पेक्षा जास्त झगमगाट नको. अपस्माराच्या काही रुग्णांना त्याने झटका येऊ शकतो.

आणि कृपा करून, बालकलाकाराला खरंच घाबरवू नका! तिला फक्त काम द्या: चेन उघड, वही बघ, लाव. बाकीचं सगळं एडिटवर घडतं.

शेवटी आईची मिठी आणि "काही होत नाही गं" नको. वारंवार दिलेला दिलासाही तपासणीसारखाच चक्राला खतपाणी घालतो. चौथ्यांदा हात चेनकडे जावा, थांबावा, आणि न बघताच मागे यावा. त्यानंतरचा शॉट निदान १५ सेकंद धरा. अस्वस्थता चढून मग ओसरताना पडद्यावर जाणवायला तेवढा वेळ तरी हवाच. एडिटर तो छाटायला बघेल, छाटू देऊ नका.