यादीत बाबांचा नंबर

गेल्या दिवाळीत कोथरूडच्या घरी फराळाच्या ताटावर वाद झाला. माझा मावसभाऊ एका नागरी सहकारी बँकेत मॅनेजर आहे. त्याच्या मते सेवाज्येष्ठता ही सहकारी बँकांना लागलेली वाळवी: खुर्ची जितकी वर्षं उबवाल तितकी बढती जवळ. "ताई, तुझ्या जर्मनीत असतं का असलं काही?" असं विचारून त्याने चकली मोडली. उत्तर त्याने गृहीतच धरलं होतं. बाबा काही बोलले नाहीत. आतून एक फाइल घेऊन आले.

बाबा एका छोट्या बँकेत क्लार्क होते. ती मोठ्या बँकेत विलीन झाली, आणि नव्या ज्येष्ठता यादीत छोट्या बँकेतले सगळे शेवटी गेले. विलीनीकरणाचा दिवस हाच त्यांचा नोकरीचा पहिला दिवस! अकरा वर्षांची नोकरी एका परिपत्रकाने पुसली. बाबांच्या सहा वर्षं मागून मोठ्या बँकेत लागलेला मुलगा पासिंग ऑफिसर झाला आणि बाबांची व्हाउचरं तपासू लागला.

पुढची गोष्ट न्यायाची कमी, दार शोधण्याची जास्त. वकिलांनी दावा लावला सहकार न्यायालयात. सहकारी बँक आहे ना, मग झालं! चार वर्षांनी बँकेनेच हरकत घेतली की नोकरीच्या अटींचा वाद इथे चालत नाही. बँकेचं बरोबरच होतं. आंध्रातल्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे १९६९ मध्येच सांगितलं होतं. तरी महाराष्ट्राच्या १९६० च्या सहकार कायद्यातल्या, सहकार न्यायालयात कोणते वाद चालतात ते ठरवणाऱ्या कलम ९१ बद्दल त्याच न्यायालयाला २०१७ मध्ये पुन्हा तेच सांगावं लागलं, म्हणजे चुकीच्या दारात उभे राहणारे बाबा एकटे नव्हेत. मग औद्योगिक न्यायालय. अनुचित कामगार प्रथांच्या १९७१ च्या कायद्यात पक्षपात ही अनुचित प्रथा धरली आहे, पण तक्रारीची मुदत नव्वद दिवस. उशीर माफ करून घेण्यात एक वर्ष गेलं. त्यावर बँकेचा ठेवणीतला मुद्दा: अर्जदार 'अधिकारी' आहेत, कामगार नव्हेतच. मधल्या काळात बाबांना हे पदनाम मिळालं होतं, एका भत्त्यासकट. निवृत्तीच्या आदल्या वर्षी तडजोड झाली. एक वेतनवाढ, थकबाकी नाही.

आता भावाच्या प्रश्नाचं उत्तर. हो, असतं. मी स्टुटगार्टजवळ राहते. शेजारीण इथल्या फोक्सबांकेत, म्हणजे सहकारी बँकेतच, काउंटरवर आहे. तिचा पगार सामूहिक कराराच्या तक्त्यातून ठरतो. एका बाजूला कामाची श्रेणी, दुसऱ्या बाजूला अनुभवाची वर्षं. वर्षं उघड छापलेली असतात, त्याची कुणाला लाज वाटत नाही. बँका विलीन झाल्या तर नोकरी मागच्या सगळ्या वर्षांसकट नव्या मालकाकडे जाते, हे कायद्यातच आहे.

पण मला महत्त्वाचं वाटतं ते निराळंच. वीसहून जास्त माणसांच्या कंपनीत कर्मचाऱ्यांनी निवडलेली समिती असेल, तर कुणाला कोणत्या श्रेणीत घालायचं यावर मालकाला आधी तिची संमती लागते. समितीने कायद्यातलं कारण दाखवून नकार दिला, तर कोर्टाची पायरी मालकाने चढायची. बाबांच्या आयुष्यातली वर्षं या एका उलट्या क्रमात वाचली असती. स्वर्ग इथेही नाही. समिती निवडलीच नाही तर हे काही लागू होत नाही, आणि कामगार न्यायालयात पहिल्या पातळीवर जिंकलात तरी वकिलाची फी आपल्याच खिशातून. त्यामुळे पहिल्याच समेटाच्या बैठकीत लोक मिळेल ते घेऊन घरी जातात.

गंमत म्हणजे सहकारी पतसंस्थेचं बियाणं भारतात आलं ते याच मुलखातून. रायफायझेन या जर्मन माणसाने सुरू केलेल्या गावच्या पतसंस्थांचा अभ्यास करून फ्रेडरिक निकल्सन या इंग्रज अधिकाऱ्याने मद्रास सरकारला अहवाल दिला, आणि १९०४ चा आपला पहिला सहकार कायदा त्याच वळणावर गेला. तेव्हा सगळ्या धंद्यांतल्या नोकरांसाठी निवडलेल्या समित्यांचा कायदा जर्मनीतही नव्हता, तो १९२० मध्ये आला. आपण बियाणं आधीच घेऊन गेलो होतो.

भावाचं अर्धं मला पटतं. नुसत्या वर्षांवर शाखा चालत नाही. पण त्याचा उपाय काय, तर मुलाखत घ्या आणि अधिकार संचालक मंडळाला द्या. संचालक निवडून येतात, त्यांना मतं लागतात, आणि मतदार सभासदांत कुणाचा तरी भाचा बँकेत असतोच. गुण कुणी का दिले हे विचारायला माहितीचा अधिकारही सहसा कामाला येत नाही. सरकारचं नियंत्रण किंवा भरीव पैसा नसलेल्या सहकारी संस्थांना तो लागू नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये केरळच्या प्रकरणात म्हटलं. अशा ठिकाणी क्लार्कच्या हातात रुजू झाल्याच्या तारखेशिवाय असतं काय?

पगाराचंही तसंच. मार्च २०२४ मध्ये सरकारी बँकांतल्या कर्मचाऱ्यांना देशपातळीवरच्या एका करारात सतरा टक्के वाढ मिळाली. सहकारी बँकांना तो करार लागू नाही. प्रत्येक बँकेची युनियन वेगळी, महागाई भत्त्याचं सूत्र वेगळं.

माझं एवढं बोलून झाल्यावर भावाने फाइलमधली पिवळी पडलेली यादी उचलली. वरून खाली बोट फिरवत बाबांच्या नावापर्यंत आला.

"काका, हरकत घ्यायला किती दिवस दिले होते?"

"पंधरा. यादी मुख्य कार्यालयात लावली होती. मी तेव्हा हडपसर शाखेत."